आठव्या तासाचं आभाळ

सत्यशीला सिनेमे करते असं कळलं की राहुरीतली माणसं आधी विचारायची, हिरो कोण? ती म्हणायची, हिरो नाही. मग गाणी? गाणीही नाहीत. "मग त्यात असतं तरी काय, बाई?" "माणसं असतात, आपापल्या नादात असलेली," एवढं ती सांगायची. समोरचा मान डोलवायचा आणि हळूच विषय उसाच्या तोडीवर न्यायचा.

पण खरंच तेवढंच असायचं हो तिच्या फिल्ममध्ये. उसाच्या ट्रॅक्टरला माणसाएवढे कर्णे लावून गावोगाव दणका उडवणारी ड्रायव्हर मंडळी. लग्नसराई संपली की बँडचे लाल डगले दोरीवर वाळत घालणारे बँडवाले. विहिरीत पडलेल्या पाण्याच्या मोटारी बुडी मारून वर काढणारे. ज्यांचं म्हणून एक बारकं जग असतं, त्यात स्वतःचे नियम, स्वतःचे मानपान आणि स्वतःची भांडणं असतात, अशा लोकांजवळ जाऊन ही बाई वर्ष वर्ष बसायची. एकटीच. एक मोठा कॅमेरा, एक छोटा, एक माइक आणि स्कूटर. अकरा वर्षांत अशा सहा फिल्म झाल्या होत्या.

तिची पद्धतही जगावेगळी. प्रश्न विचारायचा नाही. "जरा पुन्हा एकदा करून दाखवा" असं म्हणायचं नाही. कोपरा धरायचा आणि बघत राहायचं. पहिले पंधरा दिवस लोक पावडर लावून, केस चापून येतात. सोळाव्या दिवशी कंटाळतात आणि पूर्वीसारखे भांडायला लागतात. तिथून पुढं तिचं काम सुरू व्हायचं.

आणि एक नियम तिनं स्वतःच स्वतःवर घालून घेतला होता. फिल्म तयार झाली की ती जगाला दाखवण्याआधी ज्यांची आहे त्यांना दाखवायची, त्यांच्याच दारात. ते जे काढा म्हणतील ते काढायचं, वाद घालायचा नाही. फिल्मच्या शेवटी आभारांची पाटी यायची, ती तर संपता संपायची नाही. कुणी भाकरी दिली, कुणी पावसात कॅमेऱ्यावर स्वतःचं घोंगडं टाकलं, कुणी स्कूटरचं पंक्चर काढलं, सगळ्यांची नावं. पुण्यातली एक मैत्रीण हसायची, "अगं, ही फिल्म आहे की लग्नपत्रिका?" सत्यशीला म्हणायची, "लोक आपल्याला घरात बसू देतात गं. तुझ्या घरात वर्षभर कुणी बसलं असतं तर तू काय केलं असतंस?"

तर सातवी फिल्म कबुतरवाल्यांची.

नागापूरला एमआयडीसीच्या मागं एक वस्ती आहे, तिथं श्रीमंतअण्णांचं घर. नाव श्रीमंत, आणि आयुष्य गेलं लेथ मशीनवर उभं राहून. आता सहासष्ट वय. बैठ्या घराला पुढं छोटं अंगण, अंगणात पेरूचं झाड आणि गच्चीवर ढाबळ, म्हणजे कबुतरांचं लाकडी घर. त्यात बेचाळीस कबुतरं. अण्णांची बायको मालनबाई पहिल्याच दिवशी सत्यशीलाला म्हणाल्या, "मॅडम, ह्या मानसानं चाळीस वर्सांत मला कधी एवढं न्याहाळून बघितलं न्हाई. कबुतराचा एक पंख वाकडा झाला तर ह्याला खालून कळतं, आनि मी महिनाभर लंगडत हुते तर इचारतो, नवी चप्पल घेतली का?"

"खोटं बोलू नको," अण्णा म्हणाले. "दोनच आठवडे लंगडत हुतीस."

सत्यशीलाला तिथंच कळलं की ह्या घरात आपलं वर्ष मजेत जाणार. महिनाभरात 'मॅडम'ची 'पोरी' झाली आणि चहाबरोबर भाकरी कधी सुरू झाली ते दोन्हीकडच्यांना कळलं नाही.

ह्या कबुतरांची स्पर्धा असते ती वेगात उडायची नाही, टिकायची असते. मे महिन्यात, ऐन उन्हात. सकाळी सात वाजता प्रत्येक स्पर्धक आपापल्या गच्चीवरून एकच पाखरू सोडतो. ते वर चढतं, घिरट्या घालत तिळाएवढं होतं, आणि जितका वेळ वर राहील तितकं चांगलं. परत यायचं ते आपल्याच ढाबळीवर. ज्याचं सगळ्यात उशिरा उतरलं तो जिंकला. पण पाखरू वरच आहे की मध्येच कुठं बाभळीवर बसून आलंय, हे कसं कळणार? म्हणून प्रत्येक ढाबळीच्या अंगणात परगावचा एक अंपायर खुर्ची टाकून दिवसभर बसतो. दुर्बीण चालत नाही. दर तासाला एकदा तरी पाखरू त्याच्या नुसत्या डोळ्यांना दिसलं पाहिजे. दिसलं की तो मोठ्यानं ओरडतो, "दिसलं!" आणि अंगणातली सगळी मंडळी त्याच्यामागं ओरडतात, "दिसलं!" एखाद्या तासाला नाही दिसलं तर तो तास कोरा, आणि पाखरू बाद. मग ते रात्रीपर्यंत उडो की दुसऱ्या दिवशी येवो.

अंपायरला पाखरू कुणी दाखवायचं नसतं. मालकाला मात्र एक हक्क आहे. तास संपायच्या आत तो 'दुसरी नजर' मागू शकतो. मग शेजारच्या गल्लीतला अंपायर येतो आणि आभाळ बघतो. त्याला पाखरू दिसलं, तर तास धरतात. पण मग पहिला अंपायर खुर्चीवरून उठतो तो कायमचा. पुन्हा त्याला कुठल्याच ढाबळीवर कुणी बोलवत नाही. म्हणून दुसरी नजर मागणं म्हणजे सरळ त्या माणसाच्या तोंडावर त्याला नालायक म्हणण्यासारखं. तोंडातून शब्द काढण्याआधी माणूस दहा वेळा विचार करतो.

अण्णांच्या ढाबळीवर बावीस वर्षं एकच अंपायर येत होता, काष्टीचे बिभीषणतात्या. उंच, वाळकुडा माणूस, डोक्याला पांढरं उपरणं. स्वतः कबुतरवाला. जिल्ह्यात त्यांचा शब्द म्हणजे शब्द. त्यांच्यावर दुसरी नजर आजवर कुणी मागितली नव्हती.

त्या मे महिन्यात अण्णांनी जिरी सोडली. अंगावर जिऱ्यासारखे ठिपके, म्हणून जिरी. सत्यशीला मोठा कॅमेरा गच्चीच्या कडेला लावून आभाळात जिरीच्या मागं होती. छोटा कॅमेरा तिनं पेरूच्या झाडाला बांधून ठेवला होता, सगळं अंगण त्यात येईल असा. सात तास कसे छान गेले. तात्यांचा "दिसलं!" आला की अंगण दणाणायचं, मालनबाई कांदे चिरता चिरता सुरी वर करून ओरडायच्या. आणि तीन वाजता तात्या खुर्चीतून उठले, घसा खाकरला आणि म्हणाले,

"आठवा तास कोरा."

अंगणात असं काही गप्प झालं की शेजारच्या वर्कशॉपातलं ग्राइंडर ऐकू यायला लागलं. सत्यशीलानं झटकन कॅमेरा आभाळातून काढून अण्णांच्या तोंडावर आणला. अण्णांनी दोन्ही कानांच्या पाळ्यांना हात लावला. "अंपायरचा शब्द," एवढंच म्हणाले, आणि तात्यांना ताक आणायला आत गेले.

जिरी उतरली सहा वाजून वीस मिनिटांनी. अकरा तास वीस मिनिटं. जिल्ह्यात त्या दिवशी एवढं कुठलंच पाखरू टिकलं नव्हतं. पण ती बाद. कप गेला राहुरीच्या अजिनाथला, त्याची कबुतरी दहा तास पन्नास मिनिटं वर होती. अण्णांनी जिरीला हातात घेतलं, तिच्या डोक्यावरून बोट फिरवलं आणि पाणी पाजलं. सत्यशीलाला वाटलं, आपली फिल्म हीच. हरणं इतकं सरळ पचवणारा माणूस.

काय बाई असते बघा! दोन दोन कॅमेरे घेऊन बसली होती, आणि समोर काय घडलं ते तिला दिसलंच नव्हतं.

ते दिसलं दिवाळीनंतर, राहुरीच्या खोलीत, फिल्म कापायला बसल्यावर. तिनं दोन्ही कॅमेऱ्यांची वेळ जुळवली आणि आठव्या तासाला आली. मोठ्या कॅमेऱ्यात दोन वाजून सदतीस मिनिटांनी निळ्याशार आभाळात एक ठिपका. जिरी! चांगली चार मिनिटं तिनं तिचा पाठलाग केला होता. डोळा कॅमेऱ्याला, कानाला हेडफोन, त्या भरात किती वाजलेत ह्याचं भान कुणाला? 'कोरा' ऐकलं तेव्हा तिला वाटलं होतं, आपण पाहिलं ते सातव्या तासातलं असणार.

मग तिनं तीच वेळ छोट्या कॅमेऱ्यात लावली. अंगण. खुर्चीवर तात्या, कपाळाला हात लावून वर बघतायत, पण भलतीकडंच. जिरी उगवतीला, तात्यांचं तोंड मावळतीला. आणि खाली बाजेवर बसलेले अण्णा. त्यांची मान हळूहळू वळत होती, जिरी जशी वळत होती तशी. सत्यशीलानं तीनदा मागंपुढं करून पाहिलं. चुकायचं कारणच नव्हतं, अण्णांना जिरी दिसत होती. त्यांचा हात गुडघ्यावरून उचलला गेला. तोंड उघडलं. दुसरी नजर मागायला वीस मिनिटं हातात होती. त्यांनी तात्यांकडं पाहिलं. तात्या डोळे चोळत होते, पुन्हा वर बघत होते, पुन्हा चोळत होते. अण्णांनी उघडलेलं तोंड मिटलं. हात परत गुडघ्यावर ठेवला, मग खिशातून चंची काढली आणि मान खाली घालून तंबाखू मळत बसले. वर जिरी फिरत होती.

सत्यशीला खुर्चीतून उठली आणि खोलीत येरझारा घालायला लागली. अकरा वर्षांत असा प्रसंग तिच्या हाती लागला नव्हता. तिनं तो जोडला: आभाळ, अण्णांची मान, तात्यांचे डोळे, मिटलेलं तोंड. सहा मिनिटांचा तुकडा. बघताना तिच्याच अंगावर काटा आला.

पण ही फिल्म पहिल्यांदा कुणाला दाखवायची होती? जिल्ह्यातल्या सगळ्या कबुतरवाल्यांना. त्यात पहिल्या रांगेत बिभीषणतात्या. तात्यांना दिसत नाही, हे भर सभेत कापडावर दाखवायचं?

दुसऱ्या दिवशी सकाळी ती लॅपटॉप घेऊन नागापूरला गेली आणि एकट्या अण्णांना तो तुकडा दाखवला. अण्णांनी चष्मा पुसून दोनदा पाहिला.

"जिरी लई झ्याक घावलीय," ते म्हणाले. त्यांनी लॅपटॉप हलकेच मिटला. मग म्हणाले, "पोरी, एवढं काढ."

"काढते, अण्णा," ती म्हणाली. मग जे तिनं अकरा वर्षांत कधी केलं नव्हतं ते केलं. प्रश्न विचारला. "पण तुम्ही मागितली का नाही दुसरी नजर?"

अण्णा पायरीवर सरकून बसले. "नऊ वर्सं झाली. त्या साली बिभीषनचं सवताचं पाखरू बी काष्टीत वर हुतं, आनि हा हितं माझ्या ढाबळीवर. दुपारनं ढग आलं. दोघांचीच पाखरं राह्यली हुती. माझं बाद झालं असतं तर कप ह्याचा. मला तर काय बी दिसंना, मी जीव सोडला हुता. आनि हा ढगाच्या फटीत बघून वरडला, 'दिसलं!' मला दिसत नव्हतं गं, माझंच पाखरू! गप राह्यला असता तर कोन इचारनार हुतं त्याला? त्या मानसाला मी आता भर अंगनात सांगू, तुला दिसत न्हाई म्हनून? बावीस वर्सं त्यानं बघितलं. एक दिस न्हाई दिसलं, तर त्याच्या डोळ्याचा पंचनामा करायचा व्हय?"

आतून मालनबाई म्हणाल्या, "आनि मला म्हनाला, जिरी ढगात गेल्ती. मे महिन्यात! मी इश्वास ठेवला बघा."

सत्यशीलानं तुकडा काढला. काढताना जिवावर आलं, खोटं कशाला सांगा. आठव्या तासात तिनं मालनबाईंचे कांदे, मळलेली तंबाखू आणि अंगणातली सावली ठेवली, मग तात्यांचा "आठवा तास कोरा". बघताना शांत आणि नीट वाटत होतं. काही गेलंय असं कुणाला वाटलं नसतं.

असं तिला वाटलं.

डिसेंबरात एका सुट्टीच्या दिवशी, भर सकाळी, अण्णांच्या जुन्या वर्कशॉपाचं शटर खाली ओढलं, लेथ मशीन ताडपत्रीनं झाकली आणि भिंतीला पांढरी चादर लावली. श्रीगोंदा, राहुरी, नगर, सगळीकडचे सत्तरएक कबुतरवाले आले होते. अजिनाथ कप घेऊनच आला होता, कुणाला दाखवायला ते त्यालाच माहीत. बिभीषणतात्यांना मानानं पहिल्या रांगेत मधली खुर्ची.

फिल्म सुरू झाली आणि लोक लहान पोरांसारखे झाले. "ते बघ माझं पाखरू!" "अरे, सुर्‍याची टोपी बघ!" मालनबाईंचं चपलेचं बोलणं आलं तेव्हा तर शिट्ट्या पडल्या. स्पर्धेचा दिवस आला तसे सगळे सावरून बसले. पहिला तास, आभाळ, "दिसलं!" आणि वर्कशॉपातले सत्तर जण पडद्याबरोबर ओरडले, "दिसलं!" दुसरा तास, तिसरा तास. आठवा कोरा झाला तेव्हा सगळे चुकचुकले. शेवटी जिरी उतरली, अण्णांनी पाणी पाजलं, आभारांची पाटी वर सरकायला लागली आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. कुणी कुणी डोळे पुसत होतं. सत्यशीलाचा जीव भांड्यात पडला.

"थांबा," तात्या म्हणाले.

ते उभे राहिले होते. "मॅडम, फिल्म चांगली हाय. लई चांगली. पर एक इचारतो. परतेक तासाला तुमी आभाळ दाखवलंय. पयल्याला, दुसऱ्याला, सातव्याला. नवव्याला बी दाखवलंय, पाखरू बाद झाल्यावर. आठव्यालाच न्हाई. आठव्या तासाचं आभाळ कुठं गेलं?"

आता बोला! आयुष्य तास मोजण्यात गेलेला माणूस. फिल्म बघतानाही तो तास मोजत बसणार, हे सत्यशीलाच्या डोक्यात आलंच नव्हतं. तिनं अण्णांकडं पाहिलं. अण्णा घाईघाईनं म्हणाले, "कॅमेऱ्याची बॅटरी गेल्ती तवा. काय गं पोरी?"

तिनं फक्त हो म्हणायचं होतं. एक हो, आणि सगळं मिटलं असतं. पण समोर तात्या उभे होते, तोंड तिच्याकडं पण नजर तिच्या खांद्याच्या जरा बाजूला, आणि त्या तोंडाशी खोटं बोलणं तिला जमेना.

"बॅटरी होती, तात्या," ती म्हणाली. "मी काढलंय ते."

"कुनी काढाय सांगितलं?"

ती गप्प. अण्णा चपलेकडं बघत गप्प. मागं कुणीतरी खोकलं. तात्यांनी दोघांचं गप्प बसणं ऐकलं आणि त्यांना जे कळायचं ते कळलं.

"मग हाय तर," ते हळू म्हणाले. "पोरी, ते लाव. सा-सात म्हैने झाले, मला झोप न्हाई. मी 'कोरा' म्हनालो ते खरंच म्हनालो, मला न्हाईच दिसलं. पर संध्याकाळी जिरी बरुबर हितंच उतरली, आनि तवापासनं डोक्यात एकच. पाखरू न्हवतं, का माझे डोळे न्हवते? कुनाला इचारू? इचारायची बी लाज वाटती. मला एकदा कळू दे. काय असंल ते असंल, पर कळू दे."

"बिभीषन, बस खाली," अण्णा म्हणाले. "झालं गेलं—"

"तू गप रे, श्रीमंता."

तुकडा लॅपटॉपमध्ये होता. तिनं कधी काही पुसलं नव्हतं. "दोन सदतीसचं आहे, तात्या," म्हणत तिनं तो लावला. चादरीवर निळं आभाळ पसरलं.

तात्या खुर्चीजवळून पुढं चालत गेले. चादरीपासून हातभर अंतरावर थांबले, मग वीतभर. नाक जवळजवळ कापडाला लागलं. अख्खं निळं आभाळ त्यांच्या उपरण्यावर आणि तोंडावर पडलं होतं. ते शोधत होते, इकडून तिकडं, तिकडून इकडं. सत्तर माणसांना ठिपका दिसत होता, आणि सत्तरांतला एकही जण बोलत नव्हता.

"कुठं हाय?" तात्या म्हणाले. "कुठं हाय रं?"

अण्णा उठले. खुर्च्यांमधून वाट काढत पुढं गेले, तात्यांचा उजवा हात मनगटाला धरला आणि त्यांचं बोट चादरीवर टेकवलं. "ही बघ. आता अशी चाललीय. आता इकडं वळली." जिरी फिरत होती आणि अण्णा तात्यांचं बोट तिच्यामागं फिरवत होते. चार मिनिटं दोघं म्हातारे त्या चादरीवर तसेच फिरत राहिले.

मग तात्यांनी हात सोडवला. मागं वळले, ताठ उभे राहिले आणि वर्कशॉपाचा पत्रा हादरेल असे ओरडले, "आठवा तास! दोन वाजून सदतीस मिन्टं! दिसलं!"

"दिसलं!" सत्तर जण उभे राहून ओरडले. अजिनाथ कप घेऊन पुढं धावला, "अण्णा, हा तुमचा—" आणि अण्णा त्याच्यावर खेकसले, "बस खाली. तास संपल्यावर दिसलेलं धरत न्हाईत. नियम म्हंजे नियम." लोक हसायला लागले. ज्याच्या त्याच्या डोळ्यांना धारा लागल्या होत्या आणि ज्याला त्याला वाटत होतं आपल्या एकट्याच्याच.

चादरीवर मात्र तुकडा पुढं चालू होता. अण्णांची मान, उचललेला हात, उघडलेलं तोंड, आणि मग मळायला घेतलेली तंबाखू. हे सत्यशीलानं मोठं करून जोडलं होतं, आणि तात्यांना ते वीतभरावरून स्पष्ट दिसलं. संपल्यावर ते अण्णांकडं वळले.

"तुला दिसत हुतं," ते म्हणाले.

"व्हय," अण्णा म्हणाले.

"दुसरी नजर मागायची की मग."

"तुझ्यावर? माझ्यानं न्हाई झालं."

तात्यांनी उपरण्यानं तोंड पुसलं. मग सत्यशीलाकडं वळले. "ह्ये काढू नका. मला दिसत न्हाई ते जगाला कळू द्या, त्यात काय? मोतीबिंदू हाय, कापून घेईन. पर ह्यानं त्या दिसाला काय सोडलं, ते मी कुनाला सांगायचं म्हनलं तर मला सांगता येनार न्हाई. मला बोलता येत न्हाई तसं. असा मानूस माझ्या वाट्याला आला, ते तुमच्या फिल्ममधी राहू द्या. मी मेल्यावर बी राहू द्या."

"हो, तात्या," ती म्हणाली. तिला आणखी पुष्कळ म्हणायचं होतं. ह्या लोकांनी आपल्याला दारात बसू दिलं, आपण बघत बसलो आणि ते आपल्याला बघायला शिकवत राहिले, असं काहीतरी. पण तिनं नुसते हात जोडले.

"आनि तुझी खुर्ची?" अण्णा तात्यांना म्हणाले. "पुढल्या मेला माझ्या ढाबळीवर कोन बसनार?"

"खुर्चीवर बसव तुला कुनाला बसवायचं त्याला. अजिनाथला बसव," तात्या म्हणाले. "मी बाजंवर बसीन, तुझ्या शेजारी. डोळे नीट झाले तर झाले. न्हाई झाले, तर तू माझं बोट धर आनि दाखव, जिरी कुठं हाय ते."